सिनेमा पूर्ण झाला, आता दाखवायचा कुठे?

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या करिअर पुरवणीत चित्रपट दिग्दर्शनाच्या क्षेत्राबद्दल लेख आला होता. आमच्या शेजाऱ्यांनी तो कापून ठेवला आणि मागच्या रविवारी सकाळी बारावी झालेल्या मुलाला घेऊन ते माझ्याकडे आले. माझी मुलगी सिनेमे करते, हे गल्लीत सगळ्यांना माहीत आहे. त्यांच्या मुलालाही तेच करायचं आहे. वडिलांनी कात्रण टेबलावर ठेवलं आणि सरळ विचारलं, "काकाजी, खरं सांगा, याच्यात पोट भरते का?" मी उठून कपाटातल्या तीन वह्या काढल्या. चहा दोनदा झाला, दीड तास गेला. त्या दीड तासात मी जे सांगितलं ते आपल्या लेखात नव्हतं, म्हणून हे पत्र. लांबलं आहे, पण शक्य झालं तर पूर्ण छापावं.

मी टपाल खात्यात ३४ वर्षं नोकरी केली आणि २०२३ मध्ये सबपोस्टमास्तर म्हणून निवृत्त झालो. राहायला नागपूरच्या महाल भागात. हिशेब लिहिणं हे आयुष्यभराचं काम. मुलीने २०१८ साली अकरा मिनिटांची पहिली शॉर्ट फिल्म केली तेव्हापासून तिच्या खर्चाची वही माझ्याकडे आहे. पुढचे आकडे त्या वहीतले. ते एका घरचे आहेत, सगळ्यांचे असेच असतील असं मी म्हणत नाही.

लेखात आपल्या नागपूरच्या राजकुमार हिरानींचं उदाहरण होतं. उदाहरण योग्य आहे, पण ते पूर्ण सांगायला हवं होतं. त्यांच्या वडिलांची नागपुरात टायपिंग इन्स्टिट्यूट होती. मुलगा पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये गेला तो एडिटिंग शिकायला. पुढे कितीतरी वर्षं जाहिराती आणि दुसऱ्यांच्या सिनेमांचं संकलन केलं. दिग्दर्शक म्हणून पहिला सिनेमा लागला २००३ च्या डिसेंबरात, तेव्हा त्यांचं वय ४१ होतं. बारावीतल्या मुलाच्या आईवडिलांनी मधली ही वर्षं मोजावीत. शिवाय हिरानींच्या त्या सिनेमामागे एक नावाजलेला निर्माता उभा होता. माझ्या मुलीसारखे जे स्वतंत्रपणे सिनेमा करतात त्यांच्यामागे तोही नसतो. पैसे आपणच जमवायचे, माणसं आपणच जमवायची, आणि सिनेमा झाला की तो घेऊन आपणच दारोदार फिरायचं.

पदवीनंतर तिने पुण्याच्या त्याच संस्थेची प्रवेश परीक्षा दोनदा दिली. १९६० साली प्रभातच्या जुन्या स्टुडिओत ती संस्था सुरू झाली. आवारात एक आंब्याचं झाड आहे, तिथली मुलं त्याला 'विस्डम ट्री' म्हणतात. पहिल्या वेळी ती लेखी परीक्षा पार करून मुलाखतीपर्यंत पोचली, तेव्हा मी त्या झाडाखाली अडीच तास बसलो होतो. यादीत नाव आलं नाही. दुसऱ्या वर्षी लेखीतच राहिली. निकाल कळला त्या संध्याकाळी ती जेवली नाही, आणि मी टीव्हीवर बातम्या लावून बसलो. आज वाटतं, तेव्हा तिच्याजवळ जाऊन बसायला हवं होतं.

२०१४ मध्ये ती विदर्भ एक्सप्रेसने मुंबईला गेली. एका मालिकेत तिसरी सहायक दिग्दर्शक म्हणून लागली. काम कंटिन्युइटीचं. कालच्या दृश्यात बाईंच्या हातात बांगड्या किती होत्या, पेल्यात दूध अर्धं होतं की पाऊण, याच्या नोंदी ठेवायच्या. दिवसाचे बारा-तेरा तास. पैसे मात्र महिना भरल्यावर मिळत नाहीत, ९० दिवसांनी मिळतात. म्हणजे जूनचे सप्टेंबरच्या शेवटी. आणि मालाडच्या खोलीचं भाडं, चार मुलींत वाटून का होईना, दर पाच तारखेला. मधल्या तीन महिन्यांचा खड्डा माझ्या पगारातून भरला. एका कंपनीकडचे शेवटच्या चार महिन्यांचे पैसे शेवटपर्यंत आले नाहीत. ज्या मुलाच्या घरून असा आधार मिळू शकत नाही त्याने काय करावं, याचं उत्तर माझ्याजवळ नाही. शेजाऱ्यांनाही मी तसं स्पष्ट सांगितलं.

२०१७ मध्ये ती परत आली. लोकांनी 'हरून आली' म्हटलं, तिच्या आईला ते फार लागलं. पण ती एडिटिंग शिकून आली होती, सेटवर चाळीस माणसं कशी चालवायची ते शिकून आली होती. सक्करदऱ्यात दहा बाय बाराची खोली घेतली, एक संगणक, दोन हार्ड डिस्क. तुळशीचं लग्न लागलं की तिचा हंगाम सुरू होतो. वर्षाला अठरा-वीस लग्नं, दोन कॅमेरे आणि एडिटिंग धरून एका लग्नाचे साधारण ३५,००० रुपये, त्यातून मदतनिसांचे आणि भाड्याच्या सामानाचे वजा. पावसाळ्यात कोचिंग क्लासचे व्हिडिओ. एखादं वर्ष सरकारी खात्याचा माहितीपट. यावर तिचं घर चालतं. लग्नाच्या कामाला नाक मुरडणारे पुष्कळ भेटतात. मला ते पटत नाही. मध्यरात्री वरातीच्या उजेडात माणसाचा चेहरा कसा धरायचा, बिदाईच्या वेळी मुलीच्या बापाजवळ किती अंतरावर उभं राहायचं, हे ती तिथेच शिकली. तिच्या सिनेमात एक म्हातारा दारात पाठमोरा उभा आहे, नुसता उभा आहे, आणि बघणाऱ्याचा गळा दाटतो. तो शॉट लग्नाच्या कामातून आला आहे, असं ती स्वतः सांगते.

तर पोट भरतं ते या कामावर. सिनेमा करायचे पैसेही याच कामातून शिल्लक पाडावे लागतात.

तिचा पहिला मोठा सिनेमा ९४ मिनिटांचा. तान्ह्या पोळ्यासाठी लाकडी बैल करणारा महालातला म्हातारा सुतार आणि त्याची नात, अशी गोष्ट. तान्हा पोळा म्हणजे मुलांनी लाकडी बैल सजवून मिरवायचा पोळा, हे नागपूरकरांना सांगायला नको, पण पुण्या-मुंबईच्या दोन परीक्षकांनी तिला ते विचारलं होतं. २०२२ मध्ये २२ दिवस शूटिंग केलं. एकूण खर्च १५,०९,००० रुपये. त्यात तिची तीन हंगामांची बचत ४,८०,०००, चौदा मित्रमैत्रिणींचे उसने २,२४,०००, पुण्याच्या एका सहनिर्मात्याचे ५,०५,००० आणि माझे ३,००,०००. माझे पैसे म्हणजे टपाल जीवन विम्याच्या पॉलिसीवरचं कर्ज. १८८४ पासून चालत आलेली ही योजना, मी स्वतः कितीतरी शिक्षकांना तिची माहिती दिली आहे. त्या रात्री मुलीने मला सांगितलं की दादासाहेब फाळक्यांनीही विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ मध्ये लंडन गाठलं होतं, यंत्र आणायला आणि तंत्र शिकायला. फाळके मोठे, आम्ही साधी माणसं. पण दुसऱ्या दिवशी कर्जाच्या अर्जावर सही करताना मला ती गोष्ट आठवली, आणि बरं वाटलं.

लोकांना वाटतं पैसे कॅमेऱ्यात जातात. कॅमेरा आणि लेन्स भाड्याने मिळतात, रोजचे ७,५०० प्रमाणे २२ दिवसांचे १,६५,००० झाले. आवाजाने त्याहून जास्त खाल्ले. साउंड रेकॉर्डिस्ट त्याच्या सामानासह १,३२,००० आणि नंतर मुंबईत साउंड डिझाइन व मिक्सिंगचे २,६०,०००. सिनेमा सिंक साउंडवर केला, म्हणजे नट जिथे बोलला तिथलाच आवाज, मागाहून डबिंग नाही. महालाच्या गल्लीत हे किती अवघड आहे! कुठे कुकरची शिट्टी, कुठे लाउडस्पीकर, कुठे कुल्फीवाल्याची घंटा. एकदा कुल्फीवाल्याला थांबवून ठेवलं तेव्हा त्याचा माल वितळायला लागला, मग युनिटने सगळ्या कुल्फ्या विकत घेतल्या. वहीत त्या 'ध्वनी' खात्यात लिहिल्या आहेत. गल्लीतल्या बायांनी दुपारचे मिक्सर बंद ठेवले, चार दिवस. त्यांची नावं शेवटच्या श्रेयनामावलीत आहेत आणि ती वाचायला त्या सगळ्या जणी आल्या होत्या.

एक चूक सविस्तर सांगतो, कारण ती आमची आहे आणि ती दुसऱ्या कोणाकडून होऊ नये. सिनेमात खऱ्या पोळ्याचा प्रसंग होता. ओळखीच्या शेतकऱ्याची बैलजोडी, शिंगांना बेगड, अंगावर झूल, फार देखणं शूटिंग झालं. सेन्सॉरची कागदपत्रं भरायला मी बसलो तेव्हा कळलं की सिनेमात जनावर दाखवायचं असेल तर भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी लागते, आणि ती शूटिंगच्या आधी घ्यावी लागते. त्यांचं कार्यालय हरियाणात, बल्लभगडला. प्रसंग काय आहे, जनावर कोणाचं आहे, पशुवैद्यकाने त्याला तपासलं आहे का, हे सगळं अगोदर कळवायचं असतं. नियम चांगला आहे. मुक्या जनावरांचे हाल होऊ नयेत यासाठी आहे, आणि आम्ही तो वाचलाच नव्हता. पोळ्याचे चार मिनिटांचे प्रसंग काढावे लागले. मुलगी दोन दिवस खोलीतून बाहेर आली नाही. तिसऱ्या दिवशी तिने सुताराच्या घरातल्या लाकडी बैलांवर तोच प्रसंग पुन्हा लिहिला. बाहेरून पोळ्याचा आवाज येतो आणि म्हातारा आत एकेका लाकडी बैलाच्या गळ्यात घुंगरू बांधतो. लाकडाच्या बैलाला परवानगी लागत नाही. सिनेमा बघणारे आता त्याच प्रसंगाबद्दल बोलतात. पण पुन्हा शूटिंग करायचा एका दिवसाचा खर्च आणि गेलेले दोन महिने हेही वहीत आहेत. नवीन मुलांनी स्क्रिप्ट पूर्ण झाल्याबरोबर घरातल्या एखाद्या कागदपत्रं जाणणाऱ्या माणसाला वाचायला द्यावी. जनावर कुठे आहे, दुसऱ्याचं गाणं कुठे वाजतं, लहान मूल किती तास काम करणार, एवढं त्याने पेन्सिलीने खुणावून ठेवलं तरी पुष्कळ वाचतं.

महोत्सवांबद्दल थोडक्यात. अर्ज ऑनलाइन जातात आणि बऱ्याच ठिकाणी प्रवेश फी डॉलरमध्ये असते. आम्ही सतरा ठिकाणी पाठवला, ४१,००० रुपये गेले, तीन ठिकाणी निवड झाली. त्यातल्या एका ठिकाणी ती प्रेक्षकांसमोर उभी राहून बोलली, तो व्हिडिओ माझ्याकडे आहे. पण काही महोत्सव नुसते नावापुरते असतात. पडदा नाही, प्रेक्षक नाही, फी घेतात आणि पोस्टरवर लावायला पानांच्या नक्षीतलं बोधचिन्ह पाठवतात. अशा एका ठिकाणी आमचेही पैसे गेले. अर्ज करण्याआधी तिथे मागच्या वर्षी सिनेमा दाखवलेल्या माणसाला फोन करून विचारावं, हॉल कुठे होता, माणसं किती होती. गोव्यात इफ्फीच्या, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या वेळी एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळाचा फिल्म बाजार (आता 'वेव्हज फिल्म बाजार') भरतो, २००७ पासून; तिथे सिनेमे करणारे आणि पैसे घालणारे भेटतात. तिथे ती दुसऱ्या सिनेमाची संहिता घेऊन जाऊन आली. वीस मिनिटांच्या सहा भेटी झाल्या. दोघांनी पुढे पत्रव्यवहार ठेवला आहे. राज्य शासनाचं मराठी चित्रपटांसाठी अनुदान आहे, पण त्यासाठी आधी सिनेमा पूर्ण करून सेन्सॉर करून घ्यावा लागतो आणि मग परीक्षण होतं. म्हणजे पहिले पैसे कुठूनतरी आणावेच लागतात.

आता ज्यासाठी मुख्यतः लिहायला बसलो त्याकडे येतो.

सिनेमा पूर्ण झाला. प्रमाणपत्र मिळालं. शहरातल्या एका मल्टिप्लेक्सने एक खेळ दिला, सकाळी पावणेदहाचा. कामधंद्याचा माणूस सकाळी पावणेदहाला कसा येणार? शुक्रवारी ४१ तिकिटं, शनिवारी ६३, सोमवारी ९. गुरुवारी सिनेमा उतरला. कर जाऊन जे उरतं त्यातला साधारण निम्मा वाटा निर्मात्याकडे येतो, आणि थिएटरच्या डिजिटल सेवेचं शुल्क निर्मात्याने वेगळं भरायचं. त्या आठवड्याच्या शेवटी आम्हालाच वरून पैसे द्यावे लागले. थिएटरवाल्यांनाही भाडं आणि वीज आहे, हे मला कळतं. पण पाच वर्षांचं काम सात सकाळींत संपलं आणि ज्या महालात ते घडलं तिथल्या निम्म्या लोकांना कळलंही नाही.

तेव्हा तिच्या आईला एक सुचलं. चातुर्मासात मंगल कार्यालयं रिकामी असतात. उमरेडच्या एका कार्यालयाने नुसत्या विजेच्या खर्चात जागा दिली. प्रोजेक्टर भाड्याने आणला, खिडक्यांना घोंगड्या लावल्या, तिकीट ५० रुपये. १४० माणसं आली. सिनेमा संपल्यावर ती समोर उभी राहिली तेव्हा मागच्या रांगेतून एक म्हातारे सुतार उठले आणि म्हणाले, "पोरी, सिनेमा चांगला केलास, पण तुझा माणूस पटाशी चुकीची धरते. असा धरला तर अंगठा जाईन." ते पुढे आले, हातात पेन घेऊन पटाशी (लाकूड कोरायचं हत्यार) कशी धरायची ते दाखवलं. तिने लिहून घेतलं. तीन महोत्सवांत हे कोणी सांगितलं नव्हतं. पुढच्या १४ महिन्यांत असे ३१ खेळ केले, कार्यालयांत, कॉलेजांत, एकदा वाचनालयाच्या गच्चीवर. तिकिटांचे १,८६,४०० रुपये आले, खर्च जाऊन ७४,००० उरले. त्यातून मित्रांच्या उसन्यातला पहिला हप्ता गेला. १५ लाखांपुढे ही रक्कम लहान आहे. पण दुसरा सिनेमा करायचा की नाही, हे तिने या ३१ खेळांनंतर ठरवलं, त्या आधी ती ठरवू शकत नव्हती.

१९७६ साली गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन 'मंथन' हा सिनेमा उभा केला होता, हे जुन्या वाचकांना आठवत असेल. तेवढं मोठं काही मी मागत नाही.

आपल्या शहरात सुरेश भट सभागृह आहे, त्यात दोन हजारांच्या आसपास माणसं बसतात. वसंतराव देशपांडे सभागृह आहे, तेही मोठंच. अशा ठिकाणी शंभर प्रेक्षक विरळ दिसतात आणि भाडं परवडत नाही. जुन्या टॉकीज एकेक करून गेल्या, व्हरायटीचं नाव चौकापुरतं उरलं. रामटेककडे चित्रनगरी होणार असं वाचतो. व्हावी, तिथे आपल्या मुलांना काम मिळेल. पण तिथे सिनेमे तयार होतील. तयार झालेला सिनेमा इथल्या माणसाने बघायचा कुठे? शंभर खुर्च्यांची एक खोली हवी. काळे पडदे, बरा प्रोजेक्टर, नीट ऐकू येणारे स्पीकर. महापालिकेच्या एखाद्या वाचनालयाचा वरचा मजला असला तरी चालेल, किंवा सिव्हिल लाइन्समधल्या सांस्कृतिक केंद्राने एक दालन द्यावं. आणि दिवस ठरलेला हवा. दर महिन्याचा दुसरा शनिवार म्हणा, संध्याकाळी साडेसहा. विदर्भात कोणीही सिनेमा केला, पंधरा मिनिटांचा असो की दोन तासांचा, तो तिथे लागेल आणि तिकीट काढून बघितला जाईल. तिकिटावर माझा जोर आहे. फुकट बोलावलं की माणूस मध्येच उठून जातो, आणि करणाऱ्यालाही खरं काय ते कळत नाही. तिकीट लावून खेळ करायचा तर सिनेमाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, शॉर्ट फिल्मलासुद्धा. त्या कागदपत्रांसाठी कोणाला मदत हवी असेल तर मी निवृत्त माणूस आहे, सकाळी दहा ते बारा घरीच असतो. आतापर्यंत चार मुलांचे अर्ज भरून दिले आहेत, पैसे घेत नाही.

आपल्या दैनिकाकडेही एक मागणं आहे. शहरातल्या कार्यक्रमांच्या रकान्यात प्रवचनं, गाण्याच्या मैफली, पुस्तक प्रकाशनं रोज येतात. त्यात स्थानिक सिनेमाच्या खेळाला दोन ओळी मिळाव्यात. मुंबईच्या नटाच्या लग्नाला आपण अर्धं पान देता, त्याबद्दल माझी तक्रार नाही. मला दोन ओळी पुरतात.

शेजाऱ्यांच्या मुलाने त्या दिवशी माझी तिसरी वही घरी नेली आणि दोन दिवसांनी परत आणली. त्याने 'जेवण' या खात्यातली एक बेरीज चुकलेली शोधून काढली, ४० रुपयांची. त्याच्या वडिलांनी अजून होकार दिलेला नाही. पदवी आधी पूर्ण कर, मग बघू, एवढ्यावर गाडी थांबली आहे. मला ते योग्य वाटतं.

मुलीच्या सिनेमाचा बत्तिसावा खेळ येत्या महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी संध्याकाळी साडेसहाला सक्करदऱ्यातल्या एका मंगल कार्यालयात आहे. तिकीट ५० रुपये. दोन ओळींची सूचना सोबत वेगळ्या कागदावर जोडली आहे, कृपया छापावी. खुर्च्या लावायला तो मुलगा साडेचारलाच येतो म्हणाला आहे.

कळावे, लोभ असावा.

आपला नम्र,
एक निवृत्त टपाल कर्मचारी, महाल, नागपूर
(नाव व पत्ता संपादकांसाठी स्वतंत्र लिहिला आहे, तो छापू नये ही विनंती.)